पहिलं वांगं
कापसाच्या वाळलेल्या पऱ्हाटीच्या काड्यांवर वांगी भाजल्याचा वास आला की मला चाळीसगावातलं पहिलं वर्ष आठवतं. बायको गेल्यावर मी बदली मागून इथे आलो होतो आणि ऑफिस सुटलं की कुणाशी बोलणं नसायचं. करमेना म्हणून भाड्याच्या घरामागे वांग्याची चार रोपं लावली. त्यांना पाणी घालायचं म्हणून तरी सकाळी अंथरूण सोडायचो. पहिलं हिरवं वांगं तोडलं तेव्हा भिंतीपलीकडच्या अक्का म्हणाल्या, "पहिलं फळ आपण खावानं नही, भाऊ. कोन्ले तरी देवानं." ते पिशवीत घालून मी गल्लीच्या टोकापर्यंत गेलो. एकही दार ओळखीचं नव्हतं. परत येऊन गुपचूप अक्कांच्याच भिंतीवर ठेवलं, तर त्या तिथेच उभ्या. "गावमा मन्हंच घर दिसनं का तुले?" म्हणत हसल्या, आणि संध्याकाळी भरताची वाटी त्याच भिंतीवरून माझ्याकडे आली. पुढे दर हंगामात हेच चाललं. आता अक्का नाहीत, त्यांच्या दाराला कुलूप आहे. यंदाचं पहिलं वांगं पिशवीत घालून मी काल पुन्हा गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन आलो.