सोवळ्यातल्या ओट्सच्या वड्या

आमच्या घरातला ओव्हन सोवळ्यात असतो.

यात हसण्यासारखं काही नाही. तंजावूरात आम्हा मराठी मंडळींची घरं पिढ्यान्‌पिढ्या आहेत, आणि त्या घरांत स्वयंपाकघर देवघराइतकंच कडक. तिथे जाणाऱ्याने आंघोळ करूनच जायचं. मग ओव्हन काय जावई लागून गेला? तो आणला त्या दिवशी तुळसाकाकू पळी-पंचपात्र घेऊन हजर झाल्या. काकू म्हणजे माझ्या थोरल्या काकांच्या पत्नी. राहतात शेजारच्या घरात, पण हुकूम दोन्ही घरांत चालतो. त्यांनी ओव्हनच्या कपाळी (म्हणजे टायमरच्या वर) हळदकुंकू लावलं, समोर कोलम म्हणजे रांगोळी काढली आणि दार उघडून आत डोकावून विचारलं, "गोपू, ह्यात अंडं कधी गेलंय काय रे?"

"नाही काकू. आत्ता खोक्यातून काढला."

"खोक्यात आधी काय होतं, कोणी पाहिलं?"

म्हणून कावेरीच्या पाण्याची आणखी एक पळी आत! बटण दाबल्यावर फट्‌दिशी आवाज झाला आणि घरभर अंधार. काकू शांतपणे म्हणाल्या, "बघ. होता तो दोष गेला."

हा ओव्हन माझ्या मुलीचा, वैदेहीचा. ती कॉलेजात रसायनशास्त्र शिकवते आणि सुट्टीच्या दिवशी ओट्सच्या वड्या भाजते. खाली लोण्यात चोळलेल्या ओट्सचा भुगा दाबून बसवायचा, मध्ये फळांचं सारण, वर पुन्हा भुगा, आणि भाजून वड्या पाडायच्या. कॉलेजातले मास्तर त्या वड्यांसाठी मीटिंगला वेळेवर येऊ लागले, यावरून काय ती कल्पना करा! तिच्या मनात आलं, शनिवार-रविवार छोटंसं दुकान टाकावं. जागाही हेरून ठेवलेली. काकूंच्या घराची रस्त्याकडची खोली, जिथे पूर्वी भाताची पोती असायची. पण त्याच खोलीवर मोबाइल दुरुस्त करणाऱ्या मुत्तूचाही डोळा होता.

काकूंनी दोघांनाही सांगून टाकलं, "रामनवमीला सांगते." आणि वैदेहीला वेगळं सांगितलं, "तुझ्या त्या वड्या नैवेद्याला कर. रामाला दाखवते, मग मी खाते. खाण्याजोग्या असल्या तर खोली तुला. नसल्या तर मुत्तूला. पण ओट्स म्हणजे नक्की काय गं?"

"धान्यच आहे, आजी. परदेशात घोड्यांनासुद्धा घालतात."

"मग रामाला कशाला, सूर्याला दाखव. त्याच्याकडे सात आहेत."

इथवर सगळं नीट चाललं होतं, याचं कारण इथवर मी यात नव्हतो.

रामनवमीच्या सकाळी कॉलेजातून फोन आला. परीक्षेवर देखरेख करणारे कोणी सर आजारी पडले होते आणि वैदेहीला ताबडतोब बोलावलं होतं. त्यात दहा वाजता करंट जाणार, हे वीजवाल्यांनी आधीच कळवलेलं. बायको, रुक्मा, पहाटेपासून काकूंच्या स्वयंपाकघरात सोवळ्याने राबत होती. उरलं कोण? वैदेहीने हेल्मेट चढवत माझ्याकडे पाहिलं. बुडणारा माणूस ओंडक्याकडे पाहतो तसं नाही. ओंडका म्हणून मगरीकडे पाहतो तसं.

"अप्पा, नीट ऐका. आंब्याचं सारण फ्रिजमध्ये तयार आहे. वरच्या फळीवर स्टीलच्या डब्यात सुकवलेल्या ब्लूबेरी आहेत. त्यातल्या मूठभर सारणात ढवळायच्या. भुगा कसा करायचा नि किती भाजायचं ते कागदावर लिहून ठेवलंय. बाकी कशालाही हात लावायचा नाही."

"ब्लूबेरी दिसतात कशा?"

"बारीक, काळ्या, सुरकुतलेल्या."

"नाव ब्लू आणि रंग काळा?"

"अप्पा!! आणि चव बघायची नाही, नैवेद्याचं आहे. वाससुद्धा घ्यायचा नाही."

"सरि, सरि. तू जा निश्चिंत."

ती गेली. निश्चिंत गेली असं म्हणवत नाही. कोपऱ्यावर स्कूटर थांबवून तिने दोनदा मागे वळून पाहिलं.

मी आंघोळ करून लग्नातलं रेशमी सोवळं नेसलो. (सोवळं आटलंय. मी फुगलोय असं म्हणणारे लोक आहेत. रुक्मा त्यांची पुढारी.) आता कृतीत लिहिलेलं की लोणी थंडगार हवं आणि बोटांनी चोळून भुगा करायचा. चैत्रात, तंजावूरात, थंडगार! इथे नळाला येतं तेच पाणी कॉफीला चालेल असं असतं. लोण्याने माझ्या बोटांकडे नुसतं पाहिलं आणि ते वितळलं. म्हणून मी परात पंख्याखाली नेली. त्यासरशी ओट्स उठले आणि खोलीभर विहार करू लागले! काही पूर्वजांच्या तसबिरींवर बसले, बरेचसे माझ्या लोणी माखलेल्या छातीवर. शेवटी फ्रिज उघडून परात आत ठेवली, कोपरापर्यंत दोन्ही हात आत घातले आणि तसाच उभ्याने भुगा केला. (डोकंही आत घातलं होतं. ते कृतीत नव्हतं.)

आणि झाला की हो भुगा! अगदी ओल्या वाळूसारखा, हव्या तिथे दाबला जाणारा. मी बघतच राहिलो. साठीला आलेला माणूस, आजवर दूधसुद्धा उतू घालवल्याशिवाय तापवलं नाही, आणि माझ्या या हातांनी हे!

त्याच भारावलेल्या मनःस्थितीत वरच्या फळीवर हात घातला. तिथे स्टीलचे दोन डबे होते, जुळ्या भावांसारखे. पहिला उघडला. बारीक, काळ्या, सुरकुतलेल्या! माणसाला हवं ते पहिल्या डब्यात मिळालं की तो दुसरा उघडत नाही. तिने मूठभर सांगितलं होतं, पण म्हटलं, रामाचा नैवेद्य, त्यात पोरीच्या खोलीचा प्रश्न, इथे कंजुषी? अख्खा डबा सारणात उपडा केला.

मग ट्रे ओव्हनमध्ये गेला आणि मी काचेसमोर पाट मांडून बसलो. काय सांगू तुम्हाला! आधी कडा तांबूस झाल्या. मग मधून कुठे कुठे आंब्याचं सारण उसळून वर आलं आणि बुडबुडे फुटू लागले. मग सगळा वरचा थर सोन्याचा! मोठ्या देवळाच्या शिखरावर संध्याकाळचं ऊन पडलं की परगावचे लोक तोंड उघडं टाकून उभे राहतात ना, तसा मी त्या ट्रेपुढे बसलो होतो. हात आपोआप जोडले गेले. टायमरची घंटा वाजली आणि त्याच क्षणी करंट गेला. याहून मोठा शुभशकुन कोणता?

वड्या कापल्या, केळीच्या पानाने झाकल्या आणि काकूंच्या घरी नेल्या. रामासमोर गुळाचं पानक, ताक, भिजवलेल्या मुगाच्या डाळीची कोशिंबीर मांडलेली. त्यांच्या मधोमध माझा ट्रे झळकू लागला. मुत्तू इस्त्रीचा शर्ट घालून, कपाळाला विभूती लावून दाराशी उभा. काकूंनी डोळे मिटून पाणी फिरवायला घेतलं. आमच्यात नैवेद्य दाखवताना कोणी चकार शब्द बोलायचा नाही. घराला आग लागली तरी खुणेने सांगायचं.

तेवढ्यात मागच्या दाराने रुक्मा आली. हातात रिकामा स्टीलचा डबा. तिने तो माझ्यासमोर उलटा करून हलवला आणि भुवया उडवल्या.

मी अभिमानाने छातीवर हात ठेवला. होय, मीच!

तिने डोळे विस्फारले, ट्रेकडे बोट दाखवलं आणि पुन्हा डब्याकडे.

मी जोरात मान डोलावली. अख्खा!

तिने कपाळावर हात मारून घेतला. मग पदराखालून दुसरा डबा काढला आणि झाकण उघडलं. त्यातही काळं काहीतरी होतं, पण जरा टपोरं, निळसर. आणि तंजावूरच्या चैत्रात न मिळणारा तो थंडगारपणा मला तिथल्या तिथे मिळाला. कारण ह्या जर ब्लूबेरी, तर मी घातलं काय?

मी घातलं होतं मणत्तक्काळीचं वत्तल. ज्यांनी ते खाल्लं नाही त्यांच्यासाठी सांगतो. ही मिरीएवढी रानफळं. त्यांना आंबट ताकात आणि भरपूर मिठात मुरवून उन्हात कडकडीत वाळवतात. खायची कशी, तर चिमूटभर, तुपात तळून, पहिल्या भाताबरोबर. चव म्हणजे आधी खारट, मग आंबट, मग असं कडू की मागच्या जन्मातली पापं आठवावीत. काकूंना पानात ती रोज लागतात. रुक्मा तळणीसाठी डबा आणायला घरी गेली होती ती त्यासाठीच. जन्मभर मीही खाल्ली आहेत. पण ताटात तळलेली! न तळलेली कशी दिसतात ते कळायला स्वयंपाकघरात पाऊल टाकावं लागतं.

ट्रेला धक्का द्यावा काय, असा विचार मनात आला, तोच घंटा वाजली. नैवेद्य झाला! आता त्या वड्या नव्हत्या, प्रसाद होता. आणि प्रसाद नाकारायचा नाही, टाकायचा नाही, त्याला नाव ठेवायचं नाही. तळहातावर पडला तेवढा संपवायचा.

पहिली वडी मुत्तूच्या हातावर पडली. त्याने ती डोळ्यांना लावली, निम्मी तोंडात टाकली आणि एकदम ताठ झाला. "कसं आहे रे मुत्तू?" काकूंनी विचारलं. त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. "भक्ती येते, अम्मा," तो कसाबसा म्हणाला आणि पानकाच्या भांड्याकडे सरकला.

त्याच वेळी वैदेही धापा टाकत आली. हेल्मेट काढायच्या आधीच काकूंनी तिच्या हातावर वडी ठेवली. तिने चावली. थांबली. हळूच माझ्याकडे वळली. त्या नजरेत राग असता तर बरं झालं असतं. काही नव्हतं. दुकानाचं शटर खाली ओढावं तसे तिचे डोळे मिटले, आणि ती मुकाट्याने चावत राहिली. मी माझी वडी अख्खी तोंडात कोंबली. शिक्षा म्हणून. पुरेशी होती.

आता काकू. पाटावर ताठ बसल्या. वडीचा कोपरा तोडला, तोंडात टाकला. चेहऱ्यावर रेषासुद्धा हलली नाही. दुसरा घास. तिसरा. कृष्णशिळेची मूर्ती एखादे वेळी हलेल, काकू हलल्या नाहीत! खाली पडलेला भुगाही त्यांनी बोटाने टिपून खाल्ला. लहानपणापासून काकूंना ओळखतो, पण त्या दिवशी वाटलं, ही बाई समुद्रमंथनाला हजर असती तर शंकराला तसदी पडली नसती.

पाणी पिऊन त्यांनी विचारलं, "वैदेही, ह्यात मणत्तक्काळी तू घातलीस?"

"नाही आजी, मी..." तिने एकवार माझ्याकडे पाहिलं. "हो. मीच."

"खोटं बोलू नकोस, प्रसाद आहे तोंडात. गच्चीवर बसून, कावळे हाकून, मी स्वतः वाळवलेलं वत्तल हे. त्याला तळल्याशिवाय हात लावणारा गाढव ह्या खानदानात एकच आहे. गोपू! किती घातलंस?"

"अख्खा डबा, काकू," मी म्हणालो. "पोरीला काही माहीत नाही. ती परीक्षेला गेली होती. तुम्ही खोलीचं मनावर..."

"तू गप्प बस. सकाळपासून पुरेसं केलंस." त्या मुत्तूकडे वळल्या. "मुत्तू, तुला दुसरी जागा बघते. खोली वैदेहीला."

पानकाचा टंबलर तोंडाला लावूनच मुत्तूने जोरात मान हलवली. त्या क्षणी त्याला खोलीपेक्षा पानक जास्त प्यारं होतं.

"पण आजी," वैदेही रडवेली होऊन म्हणाली, "वडी तर अस्की, सगळीच्या सगळी, बिघडली!"

"कुठे बिघडली? वरचा थर खुसखुशीत. खालचा मोडत नाही. आंब्याचं सारण त्या कडूतूनही गोड लागतं. डबाभर वत्तल पडलं, गोपूचा हात लागला, तरी शेवटच्या कणापर्यंत खाता आली. ह्याहून पक्की कृती कोणती असते गं? घोडेसुद्धा एवढं सोसत नाहीत!"

वैदेही हसली, रडली, काकूंच्या पाया पडली. मीही पडलो. सोवळं त्याच वेळी उसवलं, पण कोणाचं लक्ष नव्हतं.

दुकान आता छान चाललंय. आणि तिथे मला मानाचं, कायमचं काम आहे. वैदेहीने नवा पदार्थ काढला की काकू आधी तो मला करायला लावतात. माझ्या हातून जो वाचतो, तोच विकायला ठेवतात.