काकींचा ताबा

हे मी कुणालाही सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, वकिलाला तर नाहीच. आज सांगतेय म्हणून मला पश्चात्ताप झालाय असं धरून चालू नका. मला तो झालाय की नाही, हे माझं मलाच नीट ठाऊक नाही.

नात्यात माझं नाव चांगलं आहे. विधवा काकीसाठी सख्ख्या भावाविरुद्ध कोर्टात उभी राहिली ती हीच, असं चेन्नईच्या मैलापुरातले आमचे लोक नव्या सुनांना सांगतात. तंजावरच्या मराठ्यांमध्ये अशा गोष्टी पुरवून पुरवून सांगितल्या जातात. मी त्या ऐकते, आणि दुरुस्त करत नाही.

सिरुसेरीजवळ आमच्या वडिलांची थोडी जमीन आहे. तिथं कंपन्यांच्या काचेच्या इमारती यायच्या खूप आधी घेतलेली. काका वारले तेव्हा वडिलांनी तिथं दोन खोल्या बांधून काकींना राहायला दिल्या. काकींना मूलबाळ नाही. वडिलांमागे जमीन माझ्या आणि माझ्या भावाच्या, माधवच्या नावावर झाली, काकी राहतच होत्या. मग त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं आणि मी त्यांना माझ्याकडे आणलं.

त्या आल्या, आणि राहिल्या. डोळा बरा झाला तरी राहिल्या. वर्ष होत आलं. सकाळी मी ऑफिसला निघाले की दारात उभ्या — परत कधी येशील? आल्यावर हातात कॉफी, आणि दिवसभर साठवलेलं सगळं बोलणं. वाईट होत्या का? मुळीच नाही. वाईट असत्या तर मी तोंडावर सांगितलं असतं.

एका रविवारी माधव आला. जमिनीला गिऱ्हाईक आलं होतं. काकींनी स्वतः उठून, पदराच्या गाठीतून चावी काढून त्याच्या हातात दिली. ‘‘मला आता तिथं काय करायचंय? मी हिच्याकडे सुखात आहे.’’ माधव माझ्याकडे बघून हसला. ‘‘मग झालं की, अक्का.’’

झालं? कुणी ठरवलं? मला विचारलं कुणी? त्याच्या टी. नगरच्या मोठ्या घरात काकींसाठी जागा नव्हती, माझ्या दोन खोल्यांत होती. मी तेव्हा बोलायला हवं होतं, त्याला आणि काकींना. बोलले नाही. चांगली म्हणवून घ्यायची सवय लागली होती.

माधवनं तिथं आपलं कुलूप लावलं. पुढच्याच आठवड्यात मी काकींना घेऊन वकिलाकडे गेले. वकील म्हणाले, मालक असला तरी राहत्या माणसाला तो असा कुलूप लावून बाहेर काढू शकत नाही. प्रश्न एवढाच, की ताबा कुणाचा होता. मी म्हटलं, काकींचा. डोळ्यासाठी थोडे दिवस माझ्याकडे आल्या, त्यांची भांडीकुंडी, अंथरूण सगळं तिथंच आहे, आणि भावानं पाठीमागून कुलूप घातलं. शपथेवर तसंच लिहून दिलं. वकील खूश झाले. जमीन माझीही, म्हणजे मी स्वतःच्या नुकसानीची साक्ष देत होते. अशी बाई खोटं कशाला बोलेल?

काकींनी दाखवलं तिथं सही केली. मग हळूच विचारलं, ‘‘म्हणजे मी परत जायचं का?’’

‘‘तुमचं घर आहे ते, काकी.’’

खालच्या कोर्टानं अंतरिम हुकूम दिला — माधवनं कुलूप काढावं, काकींच्या वहिवाटीत अडथळा आणू नये. अपिलात तो कायम राहिला. माधव हायकोर्टात गेला. मला वाटलं, आता उघडं पडणार. इतकं मोठं कोर्ट, कुणीतरी शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारेलच. पण तिथं कुणी काकींच्या चुलीपर्यंत जात नाही. खालच्या कोर्टापुढे काही पुरावा होता का, आणि त्यावरून असा हुकूम निघू शकतो का, एवढंच बघतात. पुरावा होता. मीच होते तो. ढवळाढवळ करण्याचं कारण दिसत नाही म्हणाले, आणि पुढचं प्रकरण पुकारलं.

बाहेर व्हरांड्यात माधवनं मला गाठलं. चिडला नव्हता. ‘‘अक्का, काकींनी चावी माझ्या हातात दिली तेव्हा तू तिथंच बसली होतीस.’’

मी त्याच्या डोळ्यांत बघून म्हटलं, ‘‘मला आठवत नाही.’’

त्यानंतर तो माझ्याशी बोललेला नाही.

काकींना मी टॅक्सीनं सिरुसेरीला पोचवलं. खोल्या झाडल्या, गॅस लावून दिला. आजूबाजूला नुसत्या इमारती उठलेल्या, ओळखीचं एकही दार उरलं नव्हतं. त्या पायरीवर बसल्या. ‘‘आज राहशील का?’’ मी म्हटलं, उद्या ऑफिस आहे. दुसऱ्या दिवशी रविवार होता. त्यांनाही ते ठाऊक होतं. नीट जा, म्हणाल्या.

परतीच्या वाटेवर मला रडू आलं नाही. घरी येऊन मी पंखा लावला, आडवी झाले, आणि त्या शांततेत मला बरं वाटलं. फार बरं वाटलं. हे लिहायला जड जातंय, पण दुसरं काही लिहिलं तर ते पुन्हा शपथेवरचं होईल.

काकी त्या घरातच वारल्या. मूळ दावा अजून सुनावणीच्या बोर्डावर यायचा होता. क्रियाकर्म माधवनं केलं.

गेल्या महिन्यात नात्यातल्या लग्नात पंगतीला बसलो होतो. माधव समोरच्या रांगेत. वाढणाऱ्या मावशी माझ्याकडे बोट दाखवून नव्या नवरीला म्हणाल्या, ‘‘ह्यांनी काकीसाठी भाऊ सोडला बरं.’’ माधवचा हात पानावर थांबला. त्यानं वर बघितलं. त्याला वाटलं असेल, आता तरी ही काही बोलेल.

मी मान खाली घातली नाही. मावशींना म्हटलं, अजून थोडं रसम वाढा.