खिळ्यांचा पट्टा

विनोदी मालिका लिहायला सुचतं कुठून, असं कुणी विचारलं की मी निरीक्षण वगैरे सांगतो. खरं म्हणजे मी गावी, पिंपरी पेंढारला जातो आणि तिथलं चोरून आणतो. इतकी वर्षं त्यावरच पोट भरतंय.

एका खेपेला वहिनींच्या गळ्यात पट्टा दिसला, बाहेर टोकदार खिळे असलेला. बिबट्या मानगूट धरतो, म्हणून उसाच्या कडेला वाकून काम करणाऱ्या आमच्याकडच्या बायका हल्ली तसला पट्टा बांधतात. मला त्यात भीती दिसली नाही, विनोदाचा पंच दिसला. मालिकेतली म्हातारी तसला पट्टा घालून लग्नाला गेली, तिनं नवरदेवाला मिठी मारली आणि मांडवात पळापळ झाली. चॅनेलवाले खूश. तो तुकडा मोबाईलवर गावोगाव फिरला आणि मी शेफारलो.

दिवाळीला घरी गेलो, तर वहिनी कलत्या उन्हात कांदा खुरपायला निघालेल्या. गळा मोकळा. पट्टा कुठंय विचारलं, तर खुरपं उचलून चालू लागल्या. मग मोठ्या भावानंच सांगितलं. मजूर बायका त्यांना म्हातारी म्हणून हाक मारतात, रस्त्यानं जाणारी पोरं मिठीसाठी हात पसरतात. वस्तीवरच्या इतर बायकांनीही पट्टे काढून ठेवलेत. आणि पंधरवड्यापूर्वी शेजारच्या मळ्यातून शेळी गेली.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मागोमाग शेतात गेलो. हसणाऱ्यांना हसू द्या, पण पट्टा घाला, म्हणून हात जोडले. वहिनी वाफ्यात बसल्या होत्या, त्यांनी मान वर केली नाही.

"भावजी, तुमी लिवलं, लोकं हसली, झालं. आता त्यो कुत्र्याच्या गळ्यात हाय. त्याला कोन हसत न्हाई."

खुरपणं मला कधी जमलं नाही. त्यांच्याजवळ उसाकडं तोंड करून नुसता उभा राहिलो. वारा पडला होता. तरी उसात कुठंतरी पाचट वाजलं, थांबलं, परत वाजलं, या वेळी जवळ. बांधावर झोपलेलं कुत्रं उठलं. भुंकलं नाही. शेपूट पायांत घालून माझ्या पोटऱ्यांना येऊन चिकटलं, पट्ट्याचे खिळे मला टोचले.

"वहिनी, उठा," मी म्हणालो. "घरी चला."

त्यांना वाटलं, मी गंमत करतोय. वाकल्या वाकल्याच त्या हसल्या.