पुढं तोंड केलेली हलगी

माझा धाकटा दीर धोंडिराम हलगी वाजवतो. झोपेतसुद्धा त्याची बोटं गोधडीवर चालतात आणि माझी जाऊ बयाबाई त्याला कोपरानं ढोसते.

छप्पन्न साली आमच्या वस्तीनं धम्म घेतला, तेव्हा वडूजजवळच्या आमच्या गावात पुष्कळांनी हलग्या चुलीत घातल्या. पालखीपुढं राबायचं आणि शिळ्या भाकरीला हात पसरायचा, ते नको झालं होतं. धोंडिरामला तेव्हा मिसरूड फुटत होतं. त्यानं पालखी सोडली, हलगी सोडली नाही. कातड्यानं काय गुन्हा केला, म्हणायचा. गाव त्याच्यावर रागावलं, वस्तीही रागावली. दोन्हीकडच्या शिव्या खाऊन गडी चांगला सुटला.

एक्क्याण्णव साली बाबासाहेबांच्या जन्माला शंभर वर्षं झाली. माझा थोरला कपिल तरुण मंडळाचा पुढारी. त्यानं मिरवणुकीला रहिमतपूरचा बँजो सांगितला. धोंडिराम अडून बसला, पुढं हलगीच वाजणार म्हणून. चुलत्या-पुतण्याची चांगलीच जुंपली. शेवटी ठरलं, चावडीपर्यंत हलगी. लोकांना नाही पटली, तर तिथून बँजो आणि हलगी कायमची बंद.

धोंडिरामनं पाचट पेटवून हलगी शेकली. पांढराशुभ्र सदरा घातला. पहिली थाप पडली आणि त्याचे पाय आपोआप मागं चालायला लागले. पालखीपुढं तसंच वाजवायचं असे, देवाकडं तोंड करून उलटं चालत. बापानं पायावर काठी मारून शिकवलेलं, ते कुठं जातंय?

पोरं हसली. कपिल म्हणाला, "बघा, गुलामी अजून पायात हाय."

हलगी थांबली. आता हा ती फेकतोय, असं मला वाटलं.

"व्हय रं, हाय पायात," धोंडिराम म्हणाला. "मग पाय तोडू का फिरवू?"

आणि तो वळला. मागनं येणाऱ्या ट्रॅक्टरवरच्या बाबासाहेबांच्या फोटोकडं पाठ, रस्त्याकडं तोंड. पण ताल मोडला. मागं टाकायचं पाऊल आखूड, थापही तेवढीच आखूड. पुढचं पाऊल लांब पडायला लागलं, तशी थाप अडखळली. चुकला, परत धरली, परत चुकला. आम्ही बायका कडेकडेनं चालत बघत होतो. चावडी दिसायला लागली तेव्हा थाप पावलाएवढी लांब झाली होती. असली वाजवलेली मी कधी ऐकली नव्हती. कपिलचे पाय त्या थापेवर पडायला लागले, ते त्याच्या ध्यानातही नव्हतं. चावडीपाशी बँजोवाले सरसावले, तर कपिलनंच त्यांना हातानं बसवलं.

त्या साली जत्रेवाल्यांचा निरोप आला, तीच थाप पालखीपुढं पाहिजे म्हणून.

"येतो की," धोंडिराम म्हणाला. "तोंड पुढं ठिवून वाजवीन. देव माझ्या मागनं येऊ द्या."

त्यांनी बाहेरचा बँड आणला.

आता जयंतीला बयाबाईसुद्धा त्याच्याबरोबर वाजवते. तिला उलटं चालून वाजवता येत नाही. तेही शिकव की तिला, असं मी एकदा मुद्दाम म्हटलं.

"वैनी," तो म्हणाला, "ते मला येत न्हाई."