मुक्या पडद्यावरचे भाऊराव आणि आमचे अप्पा

भाऊराव तळवडेकरांची माझी पहिली भेट अंबरनाथच्या आमच्या कारखान्याच्या क्लबात झाली. देश स्वतंत्र होऊन वर्ष-दीड वर्ष झाले असेल. गणेशोत्सवाच्या नाटकाची तालीम चालू होती आणि मी प्रॉम्प्टर म्हणून वही घेऊन बसलो होतो. मूकपटांत आणि नाटक मंडळींत काम केलेले गृहस्थ मुलाकडे राहायला आले आहेत, असे कळल्यावरून आमच्या सेक्रेटरींनी त्यांना बोलावले होते. आम्हांला वाटले, ते मोठी भूमिका मागतील. त्यांनी वही चाळली आणि दुसऱ्या अंकातला म्हातारा मागितला. त्याला जेमतेम दीड पानाचे काम होते.

"पंचविसाव्या वर्षापासून म्हातारेच करतोय," ते म्हणाले. "आता कुठं वय जुळलं. दाढी चिकटवायचा त्रास वाचला!"

मूकपटांत भाऊरावांनी सावकार, पुजारी, मुलींचे बाप अशी कितीतरी कामे केली. आवाज ऐकू जाणार नसल्यामुळे कॅमेऱ्यासमोर बरेच नट तोंडाला येईल ते बोलत. मरणाच्या प्रसंगात डोळ्यांत पाणी आणून "आज डब्यात काय आहे रे?" असे विचारणारेही होते. भाऊराव मात्र प्रत्येक प्रसंगाचे वाक्य आदल्या दिवशी स्वतः लिहून पाठ करीत आणि तेच बोलत. कारण विचारले तेव्हा म्हणाले, "तोंडात एक आणि डोळ्यांत एक, हे मला जमत नाही." बोलपट आल्यावर त्यांची कामे कमी झाली, पण त्याबद्दलची तक्रार मी त्यांच्या तोंडून ऐकलेली नाही.

पुढे आमचे तेच नाटक उल्हासनगरच्या कॅम्पात झाले. समोर बहुतेक फाळणीत घरे सोडून आलेली सिंधी मंडळी होती. मराठी त्यांना कळेना, चुळबुळ सुरू झाली. भाऊरावांचा म्हातारा घर सोडून जातो, त्या जागी त्यांना मोठे भाषण होते. मी आडून वाक्य दिले, पुन्हा दिले. त्यांनी माझ्याकडे पाहिलेच नाही. ते मुकाट्याने खोलीभर फिरले, भिंतीला हात लावला, खुंटीवरची टोपी काढली, परत अडकवली, पुन्हा काढली आणि गाठोडे उचलून निघाले. मांडवात कुणी हालले नाही. नंतर एक वृद्ध गृहस्थ आत येऊन त्यांचा हात धरून म्हणाले, "साईं, आप तो हमारे शिकारपूर के लगते हो!"

मी जरा रागातच होतो. भाऊराव हसून म्हणाले, "यशवंत, वही ठेव खाली. इथं ती कुणाला कळणार होती?"

आता घरची गोष्ट लिहितो. लिहावी की नाही, याचा पुष्कळ विचार केला. माझी धाकटी बहीण कुसुम हिने कॅम्प पाचमधल्या एका सिंधी शिक्षकाशी लग्न केले. त्यानंतर वडिलांनी, म्हणजे अप्पांनी, तिचे नाव घरात घ्यायचे नाही असे बजावले होते. गेल्या वर्षी अप्पांना अर्धांगवायू झाला आणि त्यांची वाचा गेली. बातमी कळताच कुसुम आली. तिला मी दारातूनच परत पाठवले. अप्पांचे म्हणणे पाळतो आहे, असे मला वाटत होते.

त्यानंतर अप्पा डावा हात दाराकडे उचलू लागले. आई म्हणायची, "वारा लागतोय त्यांना, दार लाव." मी दार लावी. अप्पांच्या डोळ्यांतून पाणी येई. आम्ही आणखी एक पांघरूण घालीत असू.

भाऊराव रोज संध्याकाळी येऊन अप्पांच्या उशाशी बसत. तिसऱ्या दिवशी त्यांनी उठून स्वतः दार उघडले आणि बराच वेळ अप्पांकडे पाहत राहिले.

"वहिनी, यांना वारा लागत नाही. हे कुणाची तरी वाट बघतायत."

आईने मान खाली घातली. मी म्हणालो, "भाऊराव, तिचं नाव घेऊ नका. त्यांनीच सांगून ठेवलंय."

"मी कुणाचंच नाव सांगत नाही. मी फक्त विचारतो." त्यांनी आपले बोट अप्पांच्या डाव्या मुठीत दिले. "अप्पा, हो असेल तर दाबा." मग त्यांनी एकेक नाव घेतले: पुण्याचे काका, बदलापूरचे अप्पांचे मित्र, आमचे गुरुजी. शेवटी कुसुम. त्यावर अप्पांनी बोट सोडलेच नाही.

भाऊरावांनी हळूच बोट सोडवून घेतले आणि मला पुढे बसवले. "आता तू विचार. माझ्यावर विश्वास ठेवू नकोस. मी नट आहे. रिकाम्या चेहऱ्यावरही मला गोष्ट दिसते. ती तुझ्या वडिलांच्या तोंडी घालायची नाही मला."

मी विचारले. अप्पांनी माझे बोट दाबले. दुसऱ्यांदा विचारले, तेव्हा जास्त जोरात दाबले.

"मी जाऊन तिला घेऊन येऊ?" असे भाऊराव म्हणतील, अशी मला आशा होती. ते म्हणाले नाहीत. चपला घालता घालता एवढेच म्हणाले, "सकाळी लवकर नीघ."

मी गेलो. कुसुम आली आणि अकरा दिवस राहिली. अप्पा तिच्या हातची पेज घेत. दार उघडेच असे. बाराव्या दिवशी अप्पा गेले.

अप्पांना जाऊन अजून वर्ष सरलेले नाही. अशा वेळी भाऊरावांच्या या गौरवग्रंथासाठी लिहावे का, असे मी आईला विचारले. ती म्हणाली, "लिही. भाऊराव नसते तर आपण दार लावतच बसलो असतो."

भाऊरावांच्या साठीच्या समारंभाला कुसुम आणि तिचे यजमान येणार आहेत. तिला परत पाठवल्याबद्दल मी अजून तिच्याशी एक शब्दही बोललेलो नाही. भाऊरावांना हे ठाऊक आहे. कुसुम आणि मी एकत्र असलो की ते माझ्याकडे पाहतात आणि थांबतात. माझ्या वतीने ते बोलणार नाहीत. त्यांना उदंड आयुष्य लाभो, प्रकृती ठणठणीत राहो आणि आमच्या घरी त्यांचे येणे असेच चालू राहो. मला अशा गोष्टींना वेळ लागतो.