कॅमेरा आत, मी पायरीवर

"आडनाव काय म्हणलास?"

नवरदेवाच्या बापानं हे विचारलं, तेव्हा माझा एक पाय त्यांच्या देवघराच्या उंबऱ्यावर होता. हातात चालू कॅमेरा. आत नवी सून पाटावर बसायला निघालेली. मी आडनाव सांगितलं. मग गाव सांगितलं. मग "कोणाचा रे तू?" मग बापाचं नाव.

बापाचं नाव त्या घराला पाठ होतं. जिंतूरच्या आसपास कुठंही लग्न असलं की माझा बाप हलगी वाजवायचा. आम्ही मांगवाड्यातले. त्याची जागा मांडवाच्या बाहेर, उन्हात. सगळ्या पंगती उठल्यावर त्याचं जेवण. मी कॅमेरा शिकलो तो याच रागानं. कॅमेरावाल्याला मांडवात सगळ्यात पुढं उभं करतात, हे मी लहानपणी बाहेरून बघितलं होतं.

"हां, हलगीवाल्याचा व्हय!" मालक हसले. चिडले नाहीत. चिडले असते तर मीही चिडलो असतो. "असू दे, असू दे. तू थांब हितंच. कॅमेरा दे हिकडं."

नवरदेवाच्या धाकट्या भावानं कॅमेरा घेतला, पट्टा गळ्यात घातला. सकाळपासून तो पट्टा माझ्या घामानं भिजलेला होता. माझा घाम देवघरात चालला. मी चाललो नाही.

जिंतूरच्या एका स्टुडिओत मी तेव्हा कामाला होतो. संध्याकाळी तिथं रेकॉर्डिंग लावलं आणि स्टुडिओवाल्या भाऊंनी कपाळाला हात लावला. पूजा नव्हतीच. कॅमेरा चालू आहे हे त्या शहाण्या धाकट्याला कळलं नव्हतं. चालू करायला म्हणून त्यानं बटण दाबलं, कॅमेरा बंद झाला. पूजा आटोपल्यावर बंद करायला दाबलं, चालू झाला. म्हणून काय आलं होतं? फरशी. पाय. कोणाचं तरी धोतर. आणि मग, तिरका, दाराच्या चौकटीत मी.

मी स्वतःला असं कधी बघितलं नव्हतं. दोन्ही हात पुढं बांधलेले. मान खाली. तोंडावर हसू. हो, हसू! कोणी न मागता मी हसत होतो. अगदी माझा बाप उभा राहतो तसा. आणि पाठीमागून बाईचा आवाज, स्वच्छ: "तो गेला की पायरी धुवून घ्या गं."

"हे उडव," भाऊ म्हणाले.

मी उडवलं नाही. गुपचूप स्वतःसाठी उतरवून घेतलं.

पूजा आलीच नाही हे भाऊंनी कळवलं. दुसऱ्या दिवशी मालकांचा फोन आला. पूजा पुन्हा मांडतो म्हणाले. भाऊ मला म्हणाले, "जा. त्या पोराला बटण नीट शिकवून ये. तू आत जाऊ नकोस, लफडं नको."

घरी बापाला सांगितलं. तो हलगी शेकत बसला होता. वर न बघता म्हणाला, "बाहीरून काढ की. हलगी वाजती का न्हाई बाहीरून? तुज्याकडं ते जवळ आणायचं बटण हाय म्हणं."

बापाचा मला लय राग आला. पण त्याहून जास्त त्या रेकॉर्डिंगमधल्या हसणाऱ्या पोराचा आला.

गेलो. तीच पायरी. धाकट्यानं हात पुढं केला. मी कॅमेरा दिला नाही. म्हणालो, "कॅमेरा आत जाईल तर माझ्या हातात. न्हाईतर परत जिंतूरला."

"माजलास का रे?" मालक म्हणाले.

कॅमेरा परत जिंतूरला गेला. माझं काम त्याच दिवशी सुटलं.

पुढचं थोडक्यात सांगतो. पुण्यात लाइटचे स्टँड उचलले. मुंबईत लेन्सच्या पेट्या वाहिल्या. मोठ्या कॅमेरामनच्या हाताखाली कितीतरी वर्षं काढली. आता मी सिनेमाचा छायालेखक आहे. पडद्यावर माझं नाव एकट्याचं येतं.

गेल्या हिवाळ्यात एका सिनेमासाठी आमच्या दिग्दर्शकाला जुन्या पद्धतीचं घर हवं होतं. माणसं परभणी जिल्हाभर फिरली आणि नेमकं तेच घर पसंत करून आली. मालक वारलेले. धाकटा आता मालक. त्यानं मला ओळखलं. शाल घातली, नारळ दिला, कपबशीत चहा दिला. "आपल्या परभणीचं नाव काढलंत साहेब."

देवघरातला प्रसंग घ्यायचा होता. माझे चार लाइटमन स्टँड घेऊन पायरीपाशी आले. त्यांतला एक देवगाव फाट्याचा, माझ्याच जातीचा. मालकानं माझा दंड धरून मला बाजूला घेतलं.

"तुमी या हो आत, तुमचं काई न्हाई आता. ह्या लायटीवाल्यांना तेवढं बाहीर ठिवा. खिडकीतून मारतेत की लाइट."

खरं सांगतो, खिडकीतून लाइट फार सुंदर आला असता. मी मनात तो बघूनही घेतला. आणि लाज वाटते सांगायला, पण माझा पाय उचलला होता. इतक्या वर्षांनी त्या घरात मला या म्हणत होते. तेवढ्यात देवगाव फाट्याच्या त्या माणसाकडं बघितलं. स्टँड खाली ठेवून तो उभा होता. हात बांधलेले. तोंडावर हसू.

मी पाय मागं घेतला.

"पॅक करा," म्हणालो.

दिग्दर्शक धावत आला. "अरे, एका शॉटचा प्रश्न आहे!" मी म्हणालो, मग दुसरा कॅमेरामन बघ. त्यानं बघितला नाही. प्रसंग आम्ही बंद पडलेल्या शाळेच्या खोलीत उभा केला. तो तितका चांगला झाला नाही. पडद्यावर मला ते आजही दिसतं. दिसू दे.

आता करारावर सही करण्याआधी एक ओळ मी स्वतःच्या हातानं लिहितो: युनिटमधल्या एकाही माणसाला जिथं मज्जाव आहे, तिथं माझा कॅमेरा जाणार नाही. ती ओळ वाचून दोन निर्माते परत फिरले. आणखी फिरतील. तो हसणारा पोरगा अजून माझ्याकडं आहे, पायरी धुवायला सांगणाऱ्या आवाजासकट. त्याला मी उडवणार नाही. आणि त्याला पुन्हा कुणाच्या पायरीवर उभंही राहू देणार नाही.