झडती

बाबा ज्या गिरणीत मागावर काम करायचे, तिथे आता मॉल झालाय. चिमणी तेवढी राखलीय. संध्याकाळी तिच्यावर निळे दिवे लागतात. त्याच मॉलच्या वरच्या मजल्यावर माझं ऑफिस. परवा मोठ्या हौसेनं मी बाबांना घेऊन गेले. ते सगळीकडे फिरले.

निघताना मात्र काचेच्या दारापाशी थांबले आणि त्यांनी दोन्ही हात वर केले. पाळी सुटली की गिरणीच्या गेटवर सगळ्यांची झडती व्हायची, कुणी सूत लपवून नेत नाही ना म्हणून.

“काका, तपासणी आत येताना असते. जा तुम्ही,” सिक्युरिटीवाला हसून म्हणाला.

बाबा हलेनात. मागे माणसं खोळंबली. शहर कात टाकतं, आपण कौतुकानं बघत राहतो. टाकलेल्या कातीत एखादं माणूस तसंच राहून जातं, ते कुणाला दिसत नाही.

शेवटी मीच त्यांचे खिसे चाचपले. “झालं बाबा. चला.”

तेव्हा कुठे त्यांनी हात खाली घेतले आणि ते बाहेर पडले. दुसऱ्या दिवशी सकाळी याच दारातून आत येताना मला हात वर करायचे होते.